चित्ररथालाही लेखक असतो

बेळगाव आणि खानापूर तालुक्यांतल्या गावोगावी भरणारी मराठी साहित्य संमेलने ही सीमाभागाची खास ओळख आहे. कडोली, उचगाव, येळ्ळूर, सांबरा, कुद्रेमानी ही नावे आता महाराष्ट्रातल्या वाचकांनाही परकी राहिलेली नाहीत. ग्रंथदिंडी, उद्घाटन, अध्यक्षीय भाषण, परिसंवाद, दुपारचे जेवण, कथाकथन आणि शेवटी कविसंमेलन असा दिवसभराचा क्रम बहुतेक ठिकाणी ठरून गेलेला आहे. गाव वर्गणी काढतो, शाळेच्या पटांगणात मांडव घालतो आणि आलेल्या प्रत्येकाला पंगतीला बसवतो, याचे मोल कमी लेखण्याचा माझा हेतू नाही. मात्र या ठरलेल्या क्रमात एका प्रकारच्या लेखकाला जागाच नाही. तो म्हणजे दुसऱ्या कलावंतांबरोबर लिहिणारा लेखक: चित्रकाराच्या चौकटींसाठी संवाद लिहिणारा, वादकांच्या साथीने म्हणायचे निवेदन लिहिणारा, देखाव्याची संहिता तयार करणारा. त्याला बोलावलेच तर संध्याकाळच्या ‘सांस्कृतिक कार्यक्रमा’त, आणि तोवर साहित्य संपलेले असते.

माझे म्हणणे असे की सीमाभागातल्या मराठी साहित्यसंस्थांनी या लेखकाला मुख्य मंडपात आणले पाहिजे, त्याचे नाव छापले पाहिजे, त्याला मानधन दिले पाहिजे, आणि त्याच्या लेखनाची समीक्षाही कादंबरीच्या समीक्षेइतक्याच कठोरपणे केली पाहिजे. अद्भुतकथेच्या बाबतीत तर हे अधिकच निकडीचे आहे, कारण तो वाङ्मयप्रकार जगात जिथे जिथे बहरला तिथे तो एकट्या लेखकाच्या टेबलावर क्वचितच राहिला आहे.

याचे सर्वांत बोलके उदाहरण म्हणून मी मायकल मूरकॉक या इंग्रज लेखकाकडे पाहतो. १९३९ साली लंडनमध्ये जन्मलेल्या या माणसाने वयाच्या विशीच्या आतच ‘टारझन ॲडव्हेंचर्स’ या मुलांच्या साप्ताहिकाचे संपादन केले. चित्रकथा आणि गद्यकथा एकाच अंकात शेजारी शेजारी लावण्याचे ते काम होते. १९६१ मध्ये त्याचा एल्रिक हा नायक प्रथम छापून आला. हा नायक रूढ शूरवीरांच्या नेमका उलट आहे. पांढऱ्याफटक कातडीचा, लाल डोळ्यांचा, जडीबुटीच्या आधाराशिवाय उभाही न राहू शकणारा हा एका ऱ्हास पावणाऱ्या साम्राज्याचा शेवटचा सम्राट आहे. त्याला बळ देते ती त्याची काळी तलवार, आणि ती ज्याला मारते त्याचा आत्मा पिऊन ते बळ धन्याला पुरवते. नायक शस्त्र चालवतो की शस्त्र नायकाला चालवते, या प्रश्नावर ही सगळी कथामाला उभी आहे.

या निर्मितीत पहिल्यापासूनच एक चित्रकार होता, ही गोष्ट मराठीत फारशी सांगितली जात नाही. जेम्स कॉथॉर्न हा मूरकॉकचा तरुणपणापासूनचा मित्र. मूरकॉक हौशी अंक काढत असे तेव्हा त्यांतली चित्रे कॉथॉर्न काढत असे, आणि एल्रिकच्या १९६२ च्या एका कथेचे कथानकही दोघांनी मिळून रचले. पुढे १९७६ मध्ये याच कॉथॉर्नने एल्रिकच्या कथाक्रमातली शेवटची कादंबरी संपूर्ण चित्ररूपात आणली. म्हणजे आधी कादंबरी गाजली आणि मग कोणी तिच्यावर चित्रे काढली, असा हा सोयीस्कर क्रम नाही. चित्रकार कथेच्या जन्मापासून खोलीत बसलेला होता.

सहकार्य सुरळीतच होते असे मात्र नाही. १९७२ मध्ये अमेरिकेतल्या मार्व्हल कंपनीच्या ‘कोनन’ मासिकाच्या दोन अंकांत एल्रिक पाहुणा म्हणून आला. कल्पना मूरकॉक आणि कॉथॉर्न यांची, पटकथा रॉय थॉमस यांची आणि रेखाटन बॅरी स्मिथ यांचे. त्यात एल्रिकच्या डोक्यावर एक उंच, टोकदार टोपी आहे. ती कथांमधून आलेली नव्हती, एका अमेरिकन आवृत्तीच्या मुखपृष्ठावरून आली होती. लेखकाला ती आवडली नाही. पण हजारो वाचकांनी एल्रिक प्रथम पाहिला तो त्या टोपीसकटच. लेखकाने दोन ओळींत उडवून लावलेला तपशील चित्रकाराला चोवीस पाने रेखाटावा लागतो, आणि लेखकाने तो ठरवला नसेल तर दुसरे कोणी तरी ठरवणारच. एकट्याने लिहिताना ही जबाबदारी टाळता येते. भागीदारीत ती अंगावर येते, आणि माझ्या मते लेखकाच्या भाषेला ती उपकारकच ठरते.

१९७९ मध्ये हॉवर्ड चेकिन या चित्रकाराबरोबर मूरकॉकने आणखी धाडसाचे काम केले. ‘शाश्वत योद्धा’, म्हणजे वेगवेगळ्या विश्वांत पुन्हा पुन्हा जन्मून लढत राहणारा नायक, या संकल्पनेवरच्या कादंबरीमालेत १९७० साली दोन कादंबऱ्या आल्या होत्या. तिसरा दुवा त्याने कादंबरी म्हणून लिहिलाच नाही. त्याच्या आराखड्यावरून चेकिनने तो चित्रकथा म्हणून उभा केला, आणि १९८६ ची पुढची कादंबरी त्या चित्रकथेत घडलेले गृहीत धरून सुरू होते. चित्रकथा म्हणजे पोरखेळ असे मानणाऱ्या वाचकाच्या हाती त्या मालेचा एक सांधा कधी लागतच नाही. एका माध्यमातून दुसऱ्या माध्यमात ‘रूपांतर’ करणे आणि एकच कथा माध्यमांमध्ये वाटून देणे यांत केवढा फरक आहे तो इथे दिसतो. १९९७-९८ मध्ये डीसी कंपनीसाठी केलेल्या बारा अंकांच्या मालिकेत तर वॉल्टर सायमनसन, जॉन रिजवे आणि मार्क रीव्ह या तीन चित्रकारांनी तीन वेगळ्या शैलींत तीन कथानके चालवली, आणि शेवटाकडे ती एकमेकांत मिसळली. वेगवेगळी विश्वे एकमेकांना छेदतात ही मूरकॉकची आवडती कल्पना तिथे तीन हातांच्या रेषांमधूनच वाचकाच्या डोळ्यांना पटते. गद्यात ती समजावून सांगावी लागली असती.

संगीताची बाजू मला याहूनही शिकण्यासारखी वाटते. लंडनच्या हॉकविंड या रॉक वाद्यवृंदासाठी मूरकॉकने १९७० च्या दशकात जे लिहिले ते पुष्कळदा गीत नव्हतेच, ते पठण होते. त्यातला एक मजकूर ध्वनीच्या हल्ल्यात नागरिकांनी काय करावे याबद्दलच्या सरकारी सूचनेच्या थाटात लिहिलेला आहे. १९७३ च्या ध्वनिमुद्रिकेत तो वाद्यवृंदातला रॉबर्ट कॅल्व्हर्ट कोरड्या, अधिकारी आवाजात म्हणतो आणि मागे यंत्रांची घरघर वाढत जाते. १९७५ च्या मुद्रिकेत स्वतः मूरकॉकचा आवाज आहे. १९८५ मध्ये या वाद्यवृंदाने एल्रिकवर अख्खी मुद्रिका काढली. अमेरिकेतल्या ब्लू ऑयस्टर कल्ट या रॉक वाद्यवृंदाबरोबर मूरकॉकने तीन गीते केली, त्यांपैकी १९८० चे गीत एल्रिकच्या तलवारीबद्दलचे आहे. नायक प्रथमपुरुषी आपली अगतिकता सांगतो आणि अखेरीस खुद्द तलवार यंत्रातून गाळलेल्या, माणसाचा न वाटणाऱ्या आवाजात बोलू लागते. १९८१ चे गीत त्या शाश्वत योद्ध्याचा केवळ थकवा घेते. कथानक त्यात नाहीच. तीन-चार मिनिटांच्या गाण्यात साम्राज्ये, देवता आणि वंशावळ्या मावत नाहीत, मावते ती मनाची एक अवस्था, हे या लेखकाला उमगले होते. अद्भुतकथेचा सर्वांत मोठा दोष म्हणजे पसारा. सोबत गायक असेल तर तो पसारा आवरावाच लागतो.

एवढ्यावरून सगळेच सोने होते असा समज करून घेऊ नये. मूरकॉकने स्वतःचा वाद्यवृंद जमवून १९७५ मध्ये जी मुद्रिका काढली ती माझ्या कानांना तरी हौसेपलीकडे फारशी जात नाही. १९७६ च्या एका कादंबरीत हॉकविंडचे वादकच नायक आहेत आणि मुखपृष्ठावर मूरकॉकचे नाव ठळक आहे, पण प्रत्यक्ष लेखन मायकल बटरवर्थ यांचे आहे. भागीदारीचा हा खरा धोका होय. नाव एकाचे, श्रम दुसऱ्याचे. तो धोका आपल्याकडे नाही असे समजणाऱ्याने एकदा आपल्या शिवजयंतीकडे नीट पाहावे.

बेळगावात पारंपरिक तिथीनुसार वैशाखात शिवजयंती साजरी होते आणि त्यानंतर निघणारी चित्ररथ मिरवणूक रात्रभर चालते. मारुती गल्ली, हुतात्मा चौक, रामदेव गल्ली या वाटेवर माणसांचे थवे पहाटेपर्यंत उभे असतात. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर गडाचा बुरूज उभा केलेला असतो, मागे जनरेटर धडधडत असतो आणि वर गल्लीतली मुले आग्र्याहून सुटका किंवा पावनखिंड सादर करतात. संवाद आधीच ध्वनिमुद्रित केलेले असतात, त्यांवर मुले ओठ हलवतात आणि हातवारे करतात. आता या संहितेकडे लेखनकलेच्या दृष्टीने पाहा. ट्रॉली चौकात थांबते तेवढ्या मिनिटांत प्रसंग सुरू होऊन संपला पाहिजे, आणि पुढच्या चौकात तो पुन्हा पहिल्यापासून सुरू झाला पाहिजे. मागच्या रांगेतल्या माणसाला चेहरे दिसत नाहीत, म्हणून प्रत्येक पात्राला पहिल्याच वाक्यात नावाने हाक मारली गेली पाहिजे. पुढच्या मंडळाचे ढोल-ताशे वाजत असतात, म्हणून वाक्य लहान हवे आणि महत्त्वाचा शब्द शेवटी हवा. मूठ आवळता येईल, पाऊल पुढे टाकता येईल, तलवार उपसता येईल अशी क्रियापदे हवीत, कारण ओठ हलवणाऱ्या मुलाला दुसरे करण्यासारखे काही नसते. हे सगळे सांभाळून जो संहिता लिहितो तो चित्रकथेच्या लेखकाचीच विद्या वापरत असतो. संवादाच्या फुग्यात मावेल एवढेच वाक्य आणि चौकटीत दाखवता येईल एवढीच कृती. तरीही ट्रॉलीवर मंडळाचे नाव असते, अध्यक्षांचे असते, देणगीदारांचे असते, क्वचित मूर्तिकाराचेही असते. लेखकाचे नाव पाहिल्याचे मला आठवत नाही. साहित्य संमेलनाच्या निमंत्रण पत्रिकेवर तर ते येण्याचा प्रश्नच उद्भवत नाही.

ही उपेक्षा आपल्या मातीच्या स्वभावाविरुद्ध आहे. मराठी संगीत नाटकाचे जनक अण्णासाहेब किर्लोस्कर १८४३ साली आजच्या बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूर येथे जन्मले आणि बेळगावात सरकारी नोकरी करता करता त्यांनी नाटकाचा नाद जोपासला. १८८० मध्ये पुण्यात ‘शाकुंतल’ उभे राहिले ते एकट्या नाटककाराच्या बळावर नव्हे. मोरोबा वाघोलीकर आणि बाळकोबा नाटेकर यांचे गळे, कीर्तनातल्या आणि लावणीच्या चाली, आणि कानडी मुलखात ऐकलेल्या चाली यांना समोर ठेवून पदे रचली गेली. गाणाऱ्याचा गळा पाहून शब्द घडवणे हे त्या काळी लेखकाला कमीपणाचे वाटत नव्हते. त्याच जिल्ह्यातल्या कुलगोडच्या तम्मण्णाने ‘श्रीकृष्ण पारिजात’ हे कानडी लोकनाट्य घडवले. स्वर्गातल्या फुलासाठी रुक्मिणी आणि सत्यभामा यांच्यात जुंपलेली ही कथा म्हणजे अद्भुत आणि गृहकलह यांचे झकास मिश्रण आहे, आणि कौजलगी निंगम्मासारख्या कलावतींनी ती गावोगावच्या रात्री गाजवली. आपल्या सौंदत्तीच्या डोंगरावर यल्लम्माला जाणाऱ्या मराठी आणि कानडी भाविकांच्या कानावर चौंडके हे एकच तंतुवाद्य पडते. अद्भुत कथा, गाणे आणि दृश्य यांची सांगड घालायला आपल्याला लंडनला जाण्याची गरज नव्हती. मूरकॉकचे उदाहरण मी देतो ते त्याने ही सांगड छापील, आधुनिक, पैसे मिळवून देणाऱ्या आणि समीक्षेला तोंड देणाऱ्या रूपात करून दाखवली म्हणून.

अद्भुतकथाच का, ऐतिहासिक कादंबरी का नको, असे कोणी विचारेल. खानापूर तालुक्यातल्या जांबोटीत जन्मलेल्या रामचंद्र भिकाजी गुंजीकरांनी मराठीतली पहिली ऐतिहासिक कादंबरी लिहिली, तेव्हा या प्रांतात त्या प्रकाराचा मान मोठा असणारच. पण १९५६ च्या राज्य पुनर्रचनेनंतर इतिहास इथे केवळ इतिहास राहिलेला नाही. सीमावादावरच्या महाजन आयोगाचा अहवाल १९६७ मध्ये आला, महाराष्ट्राने २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दावा दाखल केला, आणि या सगळ्या काळात इथला प्रत्येक शिलालेख, प्रत्येक देऊळ आणि प्रत्येक राजघराणे कोणाच्या ना कोणाच्या बाजूचा पुरावा होऊन बसले. तो दावा न्यायालयाने ऐकावा आणि मराठी माणसाच्या बाजूने ऐकावा असे मलाही वाटते. परंतु कादंबरीकाराने कागदपत्रांच्या फायलीत बसून लिहावे हे मला पटत नाही. हलशी घ्या. प्राचीन पलाशिका, कदंबांची राजधानी, भूवराह नरसिंहाचे ते देखणे देऊळ. हलशीवर ऐतिहासिक कादंबरी लिहिली की पहिला प्रश्न येतो तो कदंब कोणाचे. अद्भुतकथेत मात्र हलशीच्या अंगणातून एक नगर उभे राहू शकते, त्याला वेगळे नाव असू शकते, त्याच्या राजाची भाषा लेखकाने घडवलेली असू शकते, आणि वाचकाला त्या दगडांची ओळखही पटते.

भीमगडच्या जंगलाचेही तसेच. तिथल्या बारापेडे गुहांमध्ये राउटनचे वटवाघूळ राहते. बराच काळ हा प्राणी जगात फक्त याच गुहांमध्ये आढळतो असे मानले जात होते, पुढे तो मेघालयात आणि कंबोडियातही सापडला. मोठाले कान पुढे काढून अंधारात लटकणारी ही वस्ती ज्या लेखकाच्या तालुक्यात आहे त्याने ड्रॅगन उसने आणावेत याचे मला नवल वाटते. अलीकडे मराठीत जी थोडी अद्भुतकथा लिहिली जाते तिच्यातले किल्ले युरोपातले, थंडी युरोपातली आणि जंगलही सूचिपर्णी असते. चित्रकार शेजारी बसवला तर हे ढोंग दोन दिवसांत उघडे पडेल, कारण तो विचारेल की झाडाची साल कशी, छपराला कौले की गवत, आणि पाऊस कुठल्या बाजूने झोडपतो. जांबोटी-कणकुंबीचा पाऊस ज्याने पाहिला आहे त्याला उत्तर शोधावे लागणार नाही.

आता अडचणीच्या मुद्द्याकडे येतो. बेळगावात चांगला रेखाटनकार, चांगला ध्वनिमुद्रक किंवा चांगला बासरीवादक शोधायला निघालात तर तो कन्नड भाषक असण्याची शक्यता बरीच आहे. सीमाभागातल्या मराठी संस्थांना इथे संकोच वाटतो, आणि तो संकोच निराधार नाही. फलकांवरून, परिपत्रकांवरून, १ नोव्हेंबरच्या काळ्या दिनावरून ज्यांनी वर्षानुवर्षे सोसले आहे त्यांना ‘कलेला भाषा नसते’ अशी वाक्ये ऐकवणे मला उद्धटपणाचे वाटते. कलेला भाषा असते, आणि इथली मराठी टिकवण्यासाठीच संमेलने भरतात. पण चित्रकथेच्या बाबतीत हा संकोच व्यवहारातही तोट्याचा आहे. तिथे रेषा एकदाच काढायची असते आणि फुग्यांतला मजकूर तेवढा वेगळा भरायचा असतो. ‘चांदोबा’ची मराठी आणि कानडी आवृत्ती तीच चित्रे घेऊन कित्येक वर्षे घरोघरी जात होती, आणि इंद्रजाल कॉमिक्सचा वेताळही असाच अनेक भाषांत फिरला. गोकाकच्या चित्रकाराने मराठी लेखकाबरोबर काम केले तर मराठी पुस्तक मराठीच राहते, त्याला कानडी आवृत्तीचे उत्पन्न वर मिळते, आणि मराठी लेखकाचे नाव कानडी घरात जाते. यात मराठीचे काय गेले? फक्त फुगे आखताना जागा सैल सोडावी लागते, कारण एकाच वाक्याची लांबी दोन भाषांत सारखी येत नाही. हे लेखनाच्या आधी ठरवायचे असते, नंतर नव्हे.

भागीदारी म्हटली की पैसा आणि मालकी आलीच, आणि आपल्याकडे सगळे बिनसते ते इथे. ‘आपलाच माणूस आहे, कागद कशाला’ ही वृत्ती चांगुलपणातून येते आणि भांडणात संपते. १९५७ चा कॉपीराइट कायदा या बाबतीत लेखकाला वाटतो त्यापेक्षा पुष्कळ स्पष्ट आहे. दोघांचे योगदान एकमेकांपासून वेगळे काढता येत नसेल तरच ती कृती संयुक्त मानली जाते. चित्रकथेत शब्द आणि रेषा वेगळ्या ओळखता येतात, म्हणून सामान्यतः शब्दांचा हक्क लेखकाकडे आणि चित्रांचा चित्रकाराकडे राहतो, आणि दोघांपैकी कोणालाही दुसऱ्याला वगळून पुस्तक छापता येत नाही. हक्क दुसऱ्याला द्यायचे तर ते लेखी आणि सहीनिशी द्यावे लागतात. त्या कागदावर मुदत लिहिली नसेल तर कायदा ती पाच वर्षे धरतो आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार आणि संगीतकार यांचा मानधनाच्या पुढच्या उत्पन्नातला समान वाटा सुरक्षित केला. आणि कलम ५७ तर असे सांगते की हक्क विकल्यानंतरही कृतीवर आपले नाव लावून घेण्याचा लेखकाचा अधिकार शिल्लक राहतो. शिवजयंतीच्या देखाव्याची संहिता लिहिणाऱ्या आमच्या किती तरुणांना हे कलम माहीत आहे? माहीत असते तरी त्यांनी आपल्याच गल्लीच्या मंडळापुढे ते काढले नसते हे मला कळते, म्हणून मंडळांनी ते आपणहून पाळावे असे माझे म्हणणे आहे.

कागद नसला की काय होते त्याचे एक उदाहरण पुन्हा एल्रिकचेच आहे. १९८० मध्ये अमेरिकेत ‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळाच्या प्रकाशकाने देवदेवतांवरच्या पुस्तकात एल्रिकच्या विश्वावर एक प्रकरण घातले. त्याच विश्वाचा खेळासाठीचा परवाना मात्र केऑसियम या दुसऱ्या कंपनीकडे होता. काही काळ ऋणनिर्देश छापून वेळ मारून नेली गेली आणि नंतरच्या आवृत्त्यांतून ते प्रकरणच काढून टाकण्यात आले. उलट, जेरी कॉर्नेलियस हे दुसरे पात्र मूरकॉकने इतर लेखकांना स्वखुशीने वापरू दिले आणि त्यांच्या कथांचा संग्रहच १९७१ मध्ये निघाला. एकाच लेखकाने एक पात्र परवान्याने दिले आणि दुसरे मोकळे सोडले. दोन्ही निर्णय त्याचे होते. औदार्य हे मालकी आपल्याकडे असेल तेव्हाच औदार्य असते, एरवी ती लूट असते.

भागीदारीने भाषेचा कस उतरतो, हा आक्षेप मी सर्वांत गंभीर मानतो. फुग्यातले वाक्य तोकडे, गाण्यातले शब्द ठोकळेबाज, आणि अशा लेखनाची सवय लागलेला लेखक पुन्हा सलग गद्य लिहू शकत नाही, असे जाणकार म्हणतात. मूरकॉकच्या बाबतीत तसे घडले नाही. तलवारीची गाणी लिहिणाऱ्या या लेखकाच्या नावावर १९७८ ची ‘ग्लोरियाना’ ही अलंकृत, दीर्घ वाक्यांची कादंबरीही आहे. १९६४ पासून ‘न्यू वर्ल्ड्स’ मासिकाचे संपादन करताना त्याने विज्ञानकथेत असे प्रयोग छापले की १९६७ मध्ये ब्रिटनच्या आर्ट्स कौन्सिलने त्या मासिकाला अनुदान दिले. त्या अंकांच्या श्रेयनामावलीत शिल्पकार एदुआर्दो पाओलोत्सी यांचा उल्लेख ‘विमानविद्या सल्लागार’ असा येई. मासिक विमानांबद्दल अर्थातच नव्हते. पण साहित्याच्या मासिकात शिल्पकाराला हक्काची खुर्ची होती, आणि ती देताना कोणी कपाळाला आठ्या घातल्या नव्हत्या. कस उतरतो तो घाईने आणि समीक्षेच्या अभावाने. ज्या लेखनाकडे समीक्षक ढुंकूनही पाहत नाही ते लेखन सुधारायचे कसे? देखाव्याच्या संहितांतली कंठाळी भाषा मलाही खटकते. शिवरायांच्या तोंडी चित्रपटातले संवाद घालण्याची खोड तर आवरलीच पाहिजे. पण ती आवरायची तर त्या संहितेवर मंडपात, लेखकाच्या समोर, चर्चा व्हायला हवी.

म्हणून संमेलनाच्या आयोजकांना माझी सूचना अशी की जेवणानंतरच्या सत्रात कथाकथनाच्या बरोबरीने एक भागीदारीचे सादरीकरण ठेवावे. लेखक, चित्रकार आणि वादक यांनी मिळून नवी अद्भुतकथा मांडावी. पडद्यावर चौकटी, समोर वाचन, बाजूला हार्मोनियम किंवा चौंडके. तिघांची नावे निमंत्रण पत्रिकेवर सारख्याच आकारात छापावीत आणि मानधनही अध्यक्षांच्या प्रवासखर्चाप्रमाणेच आधी ठरवावे. आपल्या वाचनालयांनी चित्रकथा बालविभागातून काढून कादंबऱ्यांच्या कपाटात लावाव्यात आणि सीमाभागातल्या नव्या चित्रकथांच्या प्रती आगाऊ नोंदवाव्यात, कारण रंगीत छपाईचा खर्च भागीदारांना खिशातून झेपत नाही. स्मरणिकेत दरवर्षी छापल्या जाणाऱ्या शुभेच्छांच्या जाहिरातींपैकी चार पाने कमी केली तरी चार पानांची एक चित्रकथा सहज बसेल.

या सत्राला वेळ कुठून आणायचा, असा प्रश्न आयोजक विचारतील आणि तो रास्त आहे, कारण दिवस एकच असतो आणि अध्यक्षीय भाषण कोणी आवरते घेत नाही. माझे उत्तर तयार आहे. मराठी भाषेच्या भवितव्यावरचा परिसंवाद एक वर्ष वगळावा. त्यातले वक्ते तेच असतात, मुद्दे आम्हा श्रोत्यांना पाठ आहेत, आणि मागच्या रांगेतली शाळकरी मुले त्या वेळी मंडपाबाहेर असतात.